'कागज के फूल'मधला काळोख उजळू नका

संपादक महोदय,

गुरुदत्त यांच्या चित्रपटांवर भरभरून लिहिलं जातं, पण त्यांचे छायालेखक व्ही. के. मूर्ती एका ओळीत उरकले जातात. मैसूरचे मूर्ती 'जाल'पासून (१९५२) गुरुदत्त यांच्याबरोबर होते. छायालेखनासाठी दादासाहेब फाळके पुरस्कार (२००८ सालचा) मिळवणारे ते पहिले. मात्र खरी हेळसांड लिहिण्यात नाही, त्यांचे चित्रपट आज वाहिन्यांवर आणि इंटरनेटवर ज्या अवस्थेत दाखवले जातात त्यात आहे.

'कागज के फूल'मध्ये (१९५९) 'वक्त ने किया' गाण्याच्या वेळी रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा उन्हाचा झोत घ्या. दिव्याचा झोत पुढे जाता जाता फाकतो. सूर्यकिरण जवळजवळ समांतर येतात. म्हणून मूर्तींनी आरशांनी खरं ऊनच आत वळवलं. हे काम फार नाजूक. सूर्य चार मिनिटांत एक अंश सरकतो, म्हणजे वीस मीटरवर झोत सुमारे ३५ सेंटिमीटर हलू शकतो आणि आरसा पुन्हा लावून घ्यावा लागतो. झोत डोळ्यांना दिसावा म्हणून हवेत धूर लागतो. तो कमी पडला तर झोत दिसतच नाही. जास्त झाला की मागचा काळोख दुधाळ होतो आणि झोत त्यात विरघळतो.

जुनी प्रिंट डिजिटल करताना 'स्वच्छ दिसावं' म्हणून काळा रंग उजळला की नेमकं हेच होतं. एवढ्या मेहनतीने राखलेला काळोख राखाडी होऊन जातो. 'साहिब बीबी और गुलाम'मधल्या (१९६२) 'साकिया आज मुझे' गाण्यात मुख्य नर्तकीवरच उजेड आहे, साथीच्या नर्तकींचे चेहरे मुद्दाम सावलीत ठेवलेत. ते उजळले तर त्या रचनेत उरतं काय?

दुसरा घाव चौकटीवर. 'कागज के फूल' हा भारतातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे खूप रुंद पडद्याचा चित्रपट, चौकटीची रुंदी उंचीच्या २.३५ पट. विशेष भिंग चित्र आडवं निम्मं दाबून फिल्मवर उतरवतं आणि प्रोजेक्टर ते पुन्हा पसरवतो. तो आजच्या टीव्हीचा १६:९ पडदा भरून दाखवला तर रुंदीचा जवळपास चौथा हिस्सा कापला जातो. जुन्या ४:३ टीव्हीसाठी केलेल्या प्रतींत तर ४३ टक्के. दोन माणसांना पडद्याच्या दोन टोकांना उभं करून मध्ये रिकामी जागा ठेवायची, ही स्कोपची खरी ताकद. कापल्यावर त्यातला एक जण अर्धा उरतो, नाहीतर दिसतच नाही.

वाहिन्यांनी पूर्ण चौकट दाखवावी. वरखाली काळ्या पट्ट्या येतील. तो दोष नव्हे, प्रेक्षकांनीही त्याबद्दल तक्रार करू नये. घरच्या टीव्हीवर 'झूम' बंद ठेवावा, चित्राचा मोड 'व्हिव्हिड'ऐवजी 'सिनेमा' किंवा 'मूव्ही' करावा आणि खोलीतला दिवा मालवावा.

– एक वाचक, पुणे