नायकाच्या बापाची भूमिका

केज, जि. बीड

चि. माईस,

अनेक उत्तम आशीर्वाद.

मालिकेत तुला पुन्हा आईचीच भूमिका मिळाली, आणि तीही तुझ्याहून जेमतेम पाच वर्षांनी लहान असलेल्या नटाच्या आईची, हे सांगताना तुझा आवाज उतरला होता. फोनवर मला असे विषय नीट मांडता येत नाहीत, म्हणून लिहितो आहे. तुझे बोलणे ऐकताना मला नाना पळशीकर आठवले. तुमच्या पिढीला हे नाव बहुधा ठाऊक नसेल. चेहरा दाखवला तर मात्र माझ्या वयाची माणसे लगेच ओळखतील.

नानांचा जन्म 1907 चा. 1935 साली 'धुवाँधार' या चित्रपटातून ते पडद्यावर आले, पण त्यांच्याकडे लोकांचे लक्ष जावे अशी भूमिका मिळाली ती 1953 साली, बिमल रॉय यांच्या 'दो बीघा ज़मीन'मध्ये. म्हणजे मधली अठरा वर्षे गेली. त्या चित्रपटात ते बलराज साहनींचे वडील झाले आहेत. साहनींचा जन्म 1913 चा, म्हणजे या बापलेकांच्या वयात प्रत्यक्षात सहा वर्षांचे अंतर! तरीही चित्रपट पाहताना हा हिशेब मनात येत नाही.

तो चित्रपट मुंबई-पुण्याच्या माणसाने पाहणे वेगळे आणि आपल्या भागातल्या माणसाने पाहणे वेगळे. शंभूच्या, म्हणजे साहनींच्या पात्राच्या, हिशेबाने कर्ज पासष्ट रुपयांचे असते, जमीनदाराच्या वहीत ते दोनशे पस्तीस निघते, आणि ते फेडण्यासाठी कोर्टाकडून तीन महिन्यांची मुदत मिळते. शंभू कलकत्त्याला जाऊन हातरिक्षा ओढू लागतो, पोरगाही त्याच्यासोबत जातो, आणि म्हातारा बाप गावात मागे राहतो. दसरा झाला की आपल्याकडून कोयते, म्हणजे ऊसतोडीची जोडपी, साखर कारखान्यावर निघतात, मुकादमाकडून आगाऊ घेतलेली उचल अंगावर असते, आणि गावात ओसरीवर उरतात ती म्हातारी माणसे. हे मी लहानपणापासून पाहत आलो आहे. म्हणून नानांचा धंगू महतो मला परका वाटला नाही. शंभूची धडपड दोन बिघ्यांसाठी आहे हे कथा सांगते, पण ती जमीन बापासाठी काय आहे हे त्या म्हाताऱ्याकडे पाहिल्याशिवाय उमगत नाही. बाप खोटा वाटला असता, तर साहनींसारख्या थोर नटाचे रिक्षा ओढणेही नुसते कष्टाचे दृश्य झाले असते.

'कानून' (1960) तर तू पाहाच. बी. आर. चोप्रांचा हा चित्रपट. त्यात एकही गाणे नाही, आणि त्या काळात हे मोठे धाडस होते. एका सावकाराचा खून होतो आणि चोरी करायला त्या घरात शिरलेला एक भुरटा चोर आरोपी म्हणून पकडला जातो. तो चोर म्हणजे नाना. वकील असलेल्या नायकाला ठाऊक असते की हा निर्दोष आहे. पण खरे बोलावे तर संशय ज्यांच्यावर जातो ते न्यायाधीश त्याचे होणारे सासरे आहेत. आता विचार कर, तो चोर फाशी गेला काय आणि सुटला काय, प्रेक्षकाला त्याचे काही वाटलेच नाही, तर नायकाचा पेच कुठे उरतो? राजेंद्रकुमार आणि अशोककुमार यांच्यामधला सगळा ताण त्या दीनवाण्या माणसाच्या जिवावर उभा आहे. या भूमिकेसाठी नानांना फिल्मफेअरचा सर्वोत्तम साहाय्यक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला, आणि पुढे ख्वाजा अहमद अब्बास यांच्या 'शहर और सपना'साठी तो दुसऱ्यांदा मिळाला. त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदकही लाभले होते.

पंचाहत्तरीच्या घरात असताना त्यांनी अॅटनबरोंच्या 'गांधी'मध्ये एका गावकऱ्याची भूमिका केली आणि 1984 साली ते गेले. इतके करूनही त्यांचे नाव आज कुणाच्या तोंडी नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते. आणि तुलाही कदाचित हेच वाट्याला येईल, हे मी तुझ्यापासून लपवणार नाही. पण ज्या कामाविना नायकाचे दुःख खरे ठरत नाही, त्या कामाला दुय्यम म्हणायला मी तयार नाही, आणि तूही म्हणू नयेस असे मला वाटते.

या आईच्या भूमिकेबद्दल एकच सुचवतो. संहितेत तिला चार वाक्ये असतील, तर तिच्या नावावर काय आहे, तिचे कोणाशी पटत नाही, मुलगा घराबाहेर पडल्यावर ती दिवसभर काय करते, हे सारे तू स्वतः ठरवून वहीत लिहून काढ. विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागात असताना तू प्रत्येक पात्राची अशी वही करायचीस. त्या वह्या इथे कपाटात आहेत, हव्या असतील तर पाठवतो. दिवाळीला दोन दिवस जास्तीचे काढून ये. आपल्या गल्लीतल्या ज्या घरांतून कोयते गेले असतील, तिथल्या म्हाताऱ्या बायकांकडे आपण दोघे जाऊन बसू. तुझी आई त्यांना आधी सांगून ठेवील.

तुझे,
अण्णा