कौतुकानं फुटलेली कंपनी

सांगली

प्रिय सुध्या,

तुझं पत्र वाचलं. नाट्यस्पर्धेत पहिला नंबर काय आला, आणि लगेच तुझी नायिका आणि तो हवालदार झालेला पोरगा दोघंही मालिकेच्या चित्रीकरणाला मुंबईला पळाले. आता तू त्या समीक्षण लिहिणाऱ्यावर खापर फोडतोयस: त्यानं एवढं डोक्यावर घेतलं नसतं तर पोरं राहिली असती. राग मानू नकोस, पण वाचून मला जोन लिटलवूड आठवली. गेले काही दिवस तिच्यावरच वाचतोय. पीटर ब्रुक आपल्याकडं महाभारतामुळे सगळ्यांना ठाऊक झाला. त्याच काळातली, त्याच्याइतकीच मोठी ही दिग्दर्शिका मात्र आपल्या नाटकवाल्यांच्या गप्पांत कधी येत नाही. तुझ्या दुखण्यावर तिच्याकडं औषध नाही, पण दुखणं तेच.

१९१४चा जन्म, लंडनमधल्या स्टॉकवेलचा. आई अविवाहित, पोर आजीआजोबांकडं वाढली. हुशार म्हणून रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिष्यवृत्ती मिळाली, पण तिथले गोड आवाज आणि घासूनपुसून घेतलेले उच्चार तिला मानवले नाहीत. शिक्षण टाकून बाई उत्तरेकडं चक्क पायी निघाली. शेवटी मँचेस्टरला टेकली, रेडिओवर कामं केली आणि तिथं जिमी मिलर भेटला, तोच पुढं इवन मॅकॉल या नावानं लोकगीतांत गाजला. दोघांनी लग्न केलं आणि रस्त्यावर, कामगारांपुढं राजकीय नाटकं करायला लागले. सरकारी गुप्तचर खात्यानं तिची फाईल उघडली, बीबीसीनं काही काळ दार बंद केलं. म्हणजे सुरुवातीलाच तिचे प्रेक्षक कोण होते बघ!

१९४५ साली थिएटर वर्कशॉप ही मंडळी उभी राहिली. आठ वर्षं गावोगाव फिरल्यावर १९५३ साली त्यांनी पूर्व लंडनमधलं थिएटर रॉयल घेतलं, स्ट्रॅटफर्ड ईस्टला. (शेक्सपिअरचं स्ट्रॅटफर्ड वेगळं. हे कारखान्यांचं आणि रेल्वेयार्डाचं.) एकोणिसाव्या शतकातलं, पार मोडकळीला आलेलं नाट्यगृह. नटच झाडलोट करायचे, रंग द्यायचे, आळीपाळीनं स्वयंपाक करायचे आणि रात्री नियम मोडून रंगपटातच झोपायचे. जे मिळेल ते सारखं वाटून घ्यायचं. जेरी रॅफल्स हा तिचा पुढच्या आयुष्यातला जोडीदार व्यवस्थापन बघायचा, म्हणजे मुख्यतः देणेकऱ्यांना थोपवायचा. आर्ट्स कौन्सिल या सरकारी पैशावर चालणाऱ्या संस्थेचं अनुदान इतकं तुटपुंजं की चेष्टाच वाटावी.

लंडनच्या समीक्षकांना तिथवर भुयारी रेल्वेनं यायचीही फिकीर नव्हती. १९५५च्या सुरुवातीला तिनं शेक्सपिअरचं दुसरा रिचर्ड केलं, नेमकं त्याच वेळी ओल्ड विक ही लंडनची प्रतिष्ठित नाटक कंपनीही तेच नाटक करत होती. तिकडं मधुर काव्य, इकडं हॅरी कॉर्बेटचा कर्कश, वेडसर राजा. त्यामुळे थोडं लक्ष गेलं, इतकंच. मग पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय नाट्यमहोत्सवाचं बोलावणं आलं. कसेबसे पैसे जमवून मंडळी गेली, आर्डन ऑफ फेवरशॅम आणि व्होल्पोने ही जुनी इंग्रजी नाटकं केली, आणि पॅरिस वेडं झालं. इंग्लंडचं प्रतिनिधित्व या कफल्लक टोळीनं करावं हे लंडनच्या पचनी पडायला वेळ लागला. घरचं माणूस मोठं झाल्याची वर्दी आधी शेजारच्यानं द्यावी लागते, हे फक्त आपल्याकडंच नाही.

त्याच वर्षी डेव्हनमधल्या बार्नस्टेपलला तिनं जर्मन नाटककार ब्रेख्तचं मदर करेज केलं, इंग्लंडमधला पहिलाच प्रयोग. ब्रेख्तची अट अशी की करेजची मुख्य भूमिका तिनंच करायची. तिला ते नको होतं. दिग्दर्शन, पैशांची तंगी आणि वर ही थोरली भूमिका. तो प्रयोग पडला आणि समीक्षक केनेथ टायनननं ऑब्झर्व्हर या वर्तमानपत्रात तिला धुऊन काढलं. पण वर्षभरातच, १९५६च्या मे महिन्यात, तिनं ब्रेंडन बीहन या आयरिश लेखकाचं द क्वेअर फेलो आणलं, आणि त्याच टायनननं ते डोक्यावर घेतलं.

या नाटकाच्या तालमी तुला मुद्दाम सांगतो. नाटक डब्लिनच्या तुरुंगात फाशीच्या आदल्या रात्री घडतं, आणि ज्याला फाशी द्यायचीय तो रंगमंचावर येतच नाही. नटांच्या हाती सुरुवातीला संहिता दिलीच नाही. तिनं त्यांना थिएटरच्या सपाट गच्चीवर नेलं आणि कैद्यांसारखं गोल गोल चालायला लावलं. चालायचं, पहारेकऱ्याची नजर चुकवून शेजारच्याशी दोन शब्द बोलायचे, विडीचं थोटूक लपवायचं, परत चालायचं. पोरं कंटाळून, चिडून, एकमेकांवर गुरकायला लागली, आणि मग हळूच त्या कंटाळ्याला संहितेतली वाक्यं जोडली. आपण पहिल्या दिवशी वाचन ठेवतो, पात्रं वाटतो, कुणाला किती वाक्यं ते मोजतो आणि तिथंच अर्धे रुसवेफुगवे होतात. तिच्याकडं आज राजा तर उद्या भालदार. स्टार कुणी नाही.

१९५८ साली सॅलफर्डच्या एकोणीस वर्षांच्या शीला डिलेनीनं डाकेनं एक नाटक पाठवलं, अ टेस्ट ऑफ हनी. गोरी शाळकरी मुलगी, कृष्णवर्णीय खलाशापासून दिवस गेलेले, आई दारुडी, आणि बाळंतपणाची काळजी घेणारा मित्र समलिंगी. तो काळ धर, आणि बघ. जोननं त्यात जाझ वाजवणारे रंगमंचावर घातले, पात्रांना नाचत आत-बाहेर आणलं, आई मध्येच थेट प्रेक्षकांशी बोलते. दारिद्र्याचं रडगाणं व्हायचं ते लखलखीत झालं. तुला आवडेल, तू तमाशातल्या बतावणीवर जीव टाकणारा.

पण इथूनच एक वाद सुरू झाला आणि मला त्यात दोन्ही बाजू पटतात. नाटक नक्की कुणाचं? बीहनचं द होस्टेज मुळात आयरिश भाषेतलं आटोपशीर नाटक. जोनच्या हाती आल्यावर त्यात गाणी, थट्टा, पिटातल्यांशी टाकलेले टोमणे, सगळं शिरलं. कुणी म्हणालं तिनं जीव ओतला, कुणी म्हणालं तिनं मातेरं केलं. मला वाटतं, कच्चं लिहिणाऱ्याचं तिनं भलं केलं आणि पक्कं लिहिणाऱ्याला ती झेपली नसती.

आणि आता ही हकिकत ऐक. यू वोन्ट ऑलवेज बी ऑन टॉप हे बांधकामावरच्या मजुरांच्या एका दिवसाचं नाटक, लिहिणारा हेन्री चॅपमन स्वतः बांधकाम कामगार. त्या काळी लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याच्या कचेरीतून संहिता मंजूर करून घ्यावी लागे, आणि मंजुरीनंतर एक शब्द बदलायचा नाही. जोनचे नट तर रोज नवं बोलायचे. साध्या वेशात माणसं येऊन बसली, टिपणं घेतली, आणि १९५८ साली खटला गुदरला. आरोपींत जोन, जेरी, लेखक, नेपथ्यकार जॉन बरी आणि नट रिचर्ड हॅरिस. हॅरिसचा मोठा गुन्हा म्हणजे चर्चिलच्या आवाजात सार्वजनिक मुतारीचं उद्घाटन! जेराल्ड गार्डिनरसारख्या नामांकित वकिलानं फी न घेता बाजू मांडली, दंड किरकोळ झाला. दहा वर्षांनी, १९६८ साली, इंग्लंडनं ही सेन्सॉरशिपच मोडीत काढली. आपण अजून परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र घेऊन प्रयोग करतो आणि तिसऱ्या प्रयोगाला घातलेल्या विनोदाबद्दल मनात धाकधूक बाळगतो.

आता तुझ्या दुखण्याकडं. समीक्षकांनी वाहवा केली की नाटक वेस्ट एंडला, म्हणजे लंडनच्या धंदेवाईक नाट्यगृहांच्या भागात, जायचं. १९५९ साली अ टेस्ट ऑफ हनी आणि द होस्टेज दोन्ही तिकडं चालू होती, पाठोपाठ फिंग्ज एन्ट वॉट दे यूज्ड टी बी गेलं. पैसा यायचा आणि देणी फिटायची. पण नाटक गेलं की नट जायचे. दहा-बारा वर्षं एकत्र हालचालीचं, आवाजाचं शिक्षण घेतलेली माणसं तिकडं अडकली, आणि स्ट्रॅटफर्डला पुन्हा नव्या पोरांपासून श्रीगणेशा. तिकडं गेलेले नट महिन्या-दोन महिन्यांत हशे वसूल करायला लागायचे. मग ही जाऊन त्यांच्या फलकावर खरमरीत चिठ्ठ्या लावायची. पुढं सिनेमात गाजलेल्या मायकल केनला तर तिनं आधीच हाकलला होता, म्हणाली तू जा शाफ्ट्सबरी अव्हेन्यूला, म्हणजे त्या वेस्ट एंडच्याच रस्त्यावर. तो ते स्वतःच हसत सांगतो.

१९६१ साली ती कंटाळून निघून गेली. म्हणून सांगतो, समीक्षकाला शिव्या घालून उपयोग नाही. टायनननं टीका केली तेव्हा कंपनी टिकली, कौतुक केलं तेव्हा फुटली, हे खरं. पण अनुदान धड असतं तर नाटक विकावं लागलं नसतं. तुझ्या नायिकेला महिन्याला काय देत होतास? चहा-वडापाव आणि येण्याजाण्याचं भाडं. तिच्या घरचं भाडं कोण भरणार होतं?

दोन वर्षांनी जोन परतली आणि तिचं सगळ्यात गाजलेलं काम केलं, ओह व्हॉट अ लव्हली वॉर, मार्च १९६३. बीज चार्ल्स चिल्टनच्या रेडिओ कार्यक्रमाचं. चिल्टनचे वडील पहिल्या महायुद्धात पडले, त्यानं त्यांना पाहिलंही नव्हतं. फ्रान्समधल्या आरासला थडगं शोधायला गेला तर पस्तीस हजारांवर नावांच्या भिंतीत एक नाव सापडलं. जोनला रंगमंचावर खाकी नको होती. तिनं सगळ्यांना समुद्रकिनाऱ्यावरच्या विदूषकांचे पांढरे झगे घातले, वर गणवेशाची फक्त टोपी किंवा पट्टा. नट सैनिकांची खरी गाणी म्हणतात, मस्करी करतात, आणि मागं दिव्यांच्या पाटीवर अक्षरं सरकत जातात: सोमची लढाई संपली, एकूण हानी १३,३२,००० माणसं, लाभ शून्य. एका प्रसंगात फ्रेंच शिपाई हल्ल्याला निघतात ते मेंढरांसारखे बें बें करत. मी नुसतं वाचलं तरी अंगावर काटा आला.

समीक्षक पुन्हा खूष, नाटक पुन्हा वेस्ट एंडला, पुढं ब्रॉडवेला. आणि जाता जाता शेवट बदलला. स्ट्रॅटफर्डला शेवटी व्हिक्टर स्पिनेटी सूत्रधार म्हणून प्रेक्षकांना बोचणारं बोलायचा, युद्धाचा हा खेळ अजून चालूच आहे अशा अर्थाचं. तिकडं त्याऐवजी गाण्यांची उजळणी झाली, म्हणजे मंडळी गुणगुणत घरी. मला ही तडजोड खटकते, सुध्या. नट नेले ते समजू शकतो, नाटकाचा दातच काढून नेला.

पुढचं थोडक्यात. १९६५चं ट्वँग हे रॉबिन हूडवरचं संगीत नाटक साफ कोसळलं, ती मधेच सोडून गेली होती. सेड्रिक प्राइस या वास्तुरचनाकाराबरोबर आखलेलं फन पॅलेस, कुणीही यावं आणि काहीही शिकावं असं, कागदावरच राहिलं. १९७५ साली जेरी वारला, आणि तिनं नाटकच सोडलं. फ्रान्सला जाऊन राहिली, २००२ साली गेली. आता थिएटर रॉयलच्या दाराशी तिचा पुतळा आहे. बार्बरा विंडसर ही नटी पहिल्यांदा चाचणीला आली तेव्हा समोरच्या गबाळ्या बाईला झाडूवाली समजून मोकळ्या गप्पा मारत बसली होती. ती जोनच निघाली. पुतळ्याला मात्र कुणी असं समजणार नाही.

तिचं आत्मचरित्र जाडजूड आहे, अर्धं वाचून झालंय. गणपतीत अण्णा तिकडं येतोय, त्याच्याबरोबर पाठवतो. पेन्सिलीच्या खुणा माझ्या आहेत, तुझ्या तू पेनानं करू नकोस. आणि नवी नायिका शोधतोयस तर तुझ्या त्या प्रॉम्प्टरबाईला एकदा उभी करून बघ. तिला सगळ्यांची वाक्यं पाठ आहेत.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
दिगू