काच उकिरड्यावर नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

उन्हाळा सरत आला की मराठवाड्यात उकिरडे उपसून शेणखत रानात टाकतात. त्याबरोबर वर्षभर उकिरड्यावर फेकलेली फुटकी बाटलीही रानात जाते. आपली काळी जमीन उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते. भेगेत पडलेला तुकडा खाली जातो आणि कधीतरी नांगरटीला पुन्हा वर येतो. काच कुजत नाही. खुरपणाऱ्या बाईचे बोट आणि बैलाचा खूर, दोन्ही तिच्या वाटेत येतात.

म्हणून पहिली गोष्ट, अख्खी बाटली फोडू नका. जागा वाचावी म्हणून पोत्यात बाटल्या आपटून भरणारे पुष्कळ आहेत. बिअरची अख्खी बाटली भंगारवाला नगावर घेतो, कारण ती धुऊन पुन्हा भरता येते. फुटली की ती किलोवर जाते आणि भाव नावापुरता उरतो.

बाटली लख्ख करायची गरज नाही. टँकरच्या पाण्यावर दिवस काढणाऱ्या गावांना ते परवडणारही नाही. अर्धी वाटी पाणी घालून खळखळून हलवा आणि तेच पाणी पुढच्या बाटलीत ओता. तेलाच्या बाटलीत, लोणच्याच्या बरणीत आधी चमचाभर राख टाकून हलवली की तेलकटपणा राखेला धरतो. मग उपडी घालून वाळवा. कागदी लेबल राहिले तरी चालते, ते भट्टीत जळते. पत्र्याचे झाकण आणि गळ्याचे कडे मात्र पक्कडीने काढा.

चिनी मातीचे कप, ओव्हनची भांडी, आरसा, खिडकीची तावदाने बाटल्यांत मिसळू नका. चिनी माती आणि ओव्हनची काच बाटलीच्या भट्टीत नीट वितळत नाही. तिचा खडा नव्या बाटलीत राहतो आणि बाटली तिथेच तडकते. ट्यूबलाइट व सीएफएलमध्ये पारा असतो. ती फुटली तर खिडक्या उघडून पंधरा मिनिटे खोलीबाहेर थांबा. झाडू लावू नका. जाड कागदाने आणि चिकटपट्टीने तुकडे उचलून झाकणाच्या बरणीत भरा आणि घातक कचऱ्यात द्या.

घरात बाटली फुटली की घाईत चूक होते. आधी पायात चप्पल घाला. मोठे तुकडे जाड कापडाने उचला, बाकीचे सुपलीत घ्या. बारीक कणी तरीही राहतेच. भिजवलेल्या कणकेचा गोळा फरशीवर दाबत फिरवला की ती चिकटून येते. हा गोळा काचेबरोबरच टाका, जनावरापुढे नको. दिवा मालवून मोबाइलची बॅटरी फरशीला टेकवून आडवी धरा, उरलेली कणी चमकते. सगळे तुकडे वर्तमानपत्राच्या चार-पाच थरांत गुंडाळून खोक्यात किंवा पत्र्याच्या डब्यात भरा, चिकटपट्टी लावा आणि वर ठळक अक्षरांत ‘काच’ लिहा. पातळ कॅरीबॅग दाबली की फाटते आणि तुकडा कचरा निवडणाऱ्या बाईच्या तळहातात शिरतो.

कापूस-सोयाबीनच्या फवारणीची रिकामी बाटली ना भंगारात द्यावी, ना घरात तेला-रॉकेलासाठी ठेवावी. औषध संपताच ती तीनदा विसळा आणि विसळलेले पाणी फवारणीच्या टाकीतच ओता. कीटकनाशक नियम 1971 प्रमाणे अशी रिकामी बाटली फोडून वस्तीपासून दूर पुरायची असते. फोडायची ती एवढीच, आणि तीही गोणपाटात गुंडाळून. खड्डा विहीर, नाला आणि पेरणीचे रान सोडून घ्यावा.

नगरपालिकांना एक मागणी. ओला, सुका आणि घरगुती घातक कचरा वेगळा ठेवण्याचे बंधन 2016 च्या घनकचरा नियमांनीच घातले होते. पण सुक्या कचऱ्यातही काच वेगळी हवी. घंटागाडीच्या मागे फक्त काचेसाठी एक पत्र्याचे पिंप अडकवायला फार खर्च नाही. काच जड आणि स्वस्त, त्यामुळे गाडीभर माल जमल्याशिवाय भंगारवाल्याला ती नेणे परवडत नाही. प्रभागात तोवर माल ठेवायला एक शेड द्यावी. सफाई कामगारांना कापडी हातमोजे पुरत नाहीत, काचेने न कापणारे द्यावेत, आणि धनुर्वाताची लस वेळेवर टोचावी.

एक वाचक, परभणी