तिला नुसती ‘आजी’ म्हणून सोडून देऊ नका

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या पेपरात जपानी सिनेमाबद्दल काही आलं की मी आधी तेच पान उघडते, पण दरवेळी सगळा भाव दिग्दर्शकच खाऊन जातो आणि किरिन किकीसारख्या कसलेल्या जपानी नटीच्या वाट्याला ‘शॉपलिफ्टर्स या सिनेमातली आजी’ एवढीच ओळ येते, हे मला अजिबात पटत नाही.

अहो, २०१८ ला त्या सिनेमाला कान चित्रपट महोत्सवात पाम दोर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, तोवर बाईंची पन्नासहून जास्त वर्षं कामात गेली होती! १९६१ ला नाटकमंडळीत शिरल्या, मग टीव्ही, आणि घराघरात पोचल्या त्या टीव्हीमुळेच. १९७४ च्या ‘तेराउची कांतारो इक्का’ मालिकेत त्या म्हातारी झाल्या तेव्हा वय होतं ३१, आणि त्यांच्या मुलाचं काम करणारा नट त्यांच्याहून दहा-अकरा वर्षांनी मोठा. हात तरुण दिसू नयेत म्हणून बोटं कापलेले हातमोजे घालायच्या, आणि आवडत्या गायकाच्या पोस्टरसमोर अंग घुसळत “ज्युली!” (हे त्या गायकाचं टोपणनाव) म्हणून ओरडायच्या. लोकांना ही कॉमेडी हलकीफुलकी वाटते, पण म्हातारपण नुसतं मेकअपने येत नाही, ते अंगात भिनवावं लागतं, आणि त्यांनी ते तिथेच कमावलं असं माझं ठाम मत आहे.

‘स्टिल वॉकिंग’ (२००८) हा सिनेमा बघा, त्यात त्या आई झाल्यात. एका परक्या मुलाला वाचवताना या आईचा थोरला मुलगा बुडून गेलेला, आणि त्या वाचलेल्या मुलाला त्या दरवर्षी घरी बोलावतात. का, तर त्यालाही त्रास व्हावा म्हणून. हे सांगताना हातातलं क्रोशाचं विणकाम चालूच, आवाज चढत नाही, डोळ्यात पाणी नाही. माझ्या तर अंगावर काटा आला!

आणि हे नंतरचं काम डाव्या डोळ्याची दृष्टी गेल्यावर, कॅन्सर झाल्यावर. मॅनेजर नाही, कामं सगळी स्वतःच फोन-फॅक्सवर ठरवायच्या. शॉपलिफ्टर्ससाठी तर कवळी काढून कॅमेऱ्यासमोर बसल्या, आणि त्याच वर्षी सप्टेंबरात गेल्या.

तेव्हा कृपया पुढच्या वेळी त्यांच्यावर लिहाल तर टीव्हीची ती वर्षंसुद्धा घ्या, आणि नुसत्या किकी नाही, टीव्हीतून वर आलेल्या बाकीच्या जपानी नट्यांवरही लेख येऊ द्या, आम्ही वाचू.

आपली,
एक नियमित वाचक