बाबांसाठी मांगू

ती. आई-बाबांस सा. न.

परवा आई फोनवर म्हणाली, कवळी बसेपर्यंत बाबांना रोज गुरगुट्या भातच, आणि बाबा अर्धं ताट तसंच ठेवून उठतात. तेव्हापासून चैन नाही, म्हणून हे पत्र.

न्यूयॉर्कच्या ज्या भागात मी राहते, त्या वॉशिंग्टन हाइट्समध्ये डोमिनिकन लोकांची, म्हणजे कॅरिबियन बेटावरच्या डोमिनिकन रिपब्लिक देशातून आलेल्यांची, मोठी वस्ती आहे. सकाळी जिन्यात व्हिनेगर घालून परतलेल्या कांद्याचा वास दरवळतो. तो मांगूवरचा कांदा. मांगू म्हणजे हिरवी केळी उकडून, घोटून केलेला न्याहारीचा पदार्थ. शेजारच्या आजींनी मला जवळ उभं करून शिकवला.

आई, परसातली राजेळी केळी घे, पण अगदी हिरवी. जरा पिवळी पडली की गोडसर लागतात. हाताला तेल लावून देठ-टोकं काप, सालीला उभी चीर दे आणि अंगठ्याने साल उचकट. चिकाचे डाग तुला मी काय सांगू! चार केळ्यांचे तुकडे मिठाच्या पाण्यात वीसेक मिनिटं उकड. काटा सहज रुतला पाहिजे. ते पाणी फेकू नकोस. केळी गरम असतानाच लोणी घालून घोट आणि तेच पाणी थोडंथोडं घालत जा. तुला वाटेल त्याहून सैल ठेव, कारण गार होताना ते फार आळतं, आणि घट्ट गोळा बाबांना गिळवणार नाही. वरून मीठ नको, त्यांचं बीपी आहे.

तिकडे सोबत तळलेली सलामी (मांसाच्या सॉसेजच्या चकत्या), तळलेलं चीज आणि अंडं असतं. या तिघांना ते ‘तीन ठोसे’ म्हणतात. आपण अंड्याची मऊ भुर्जी करू.

बाबा, हे आजाऱ्याचं खाणं नाही हो. दिवसभर राबणारी माणसं सकाळी हेच खाऊन बाहेर पडतात. कंद, केळी उकडून घोटायची रीत आफ्रिकेतून गुलाम करून नेलेल्या माणसांनी त्या बेटावर नेली. उसाच्या मळ्यात मरेस्तोवर राबणाऱ्यांचं हे अन्न. आजी घोटायला लागल्या की त्यांचा दंड बघत राहावा, आणि वय तुमच्याहून जास्त.

रविवारी सकाळी केलंत तर व्हिडिओ कॉल लावा. इथे शनिवारची रात्र असेल, मी जागी राहीन. आणि आई, कांदा बाबांसाठी अगदी बारीक चिर.

तुमची,
लेक