टर्बाइन हॉलमधल्या ताईंना, बार्शीच्या आईकडून

प्रिय ताई,

तुमचं नाव मला ठाऊक नाही. २०२३-२४च्या हिवाळ्यात लंडनच्या टेट मॉडर्न या कलासंग्रहालयाच्या टर्बाइन हॉलमध्ये घानाचे शिल्पकार एल अनात्सुई यांचं ‘बिहाइंड द रेड मून’ हे बाटल्यांच्या झाकणांचं शिल्प टांगलेलं होतं आणि तुम्ही तिथं ड्यूटीवर होतात. बार्शीहून आलेल्या माझ्या आईची व्हीलचेअर तुम्ही त्या तिन्ही अजस्र पडद्यांभोवती फिरवलीत. हे पत्र आधी आईला वाचून दाखवायचं आहे, शिवाय म्हाताऱ्या आईवडिलांना परदेशातली संग्रहालयं दाखवायला नेणाऱ्या माझ्यासारख्या लेकीसुनांनीही वाचावं असं वाटतं, म्हणून मराठीतच लिहिते आहे.

खुर्ची ढकललीत त्याबद्दल आभार आहेतच. पण माझ्या मनात राहिला तो तुमचा एक प्रश्न. पहिल्या पडद्याकडे मान वर करून बघत आईनं विचारलं, “ह्ये कुणी शिवलंय?” मी ते तुम्हाला सांगितलं. तुम्ही लगेच माहिती द्यायला लागला नाहीत. वाकून आईच्या डोळ्यांना डोळे भिडवलेत आणि तिलाच विचारलंत, “तुम्हाला काय वाटतं, हे कसं जोडलं असेल?”

माझी आई गोधड्या शिवते. जुनी लुगडी, धोतरं, सदऱ्यांचे तुकडे यांतून तिनं आमच्या अख्ख्या गल्लीला पांघरुणं दिली आहेत. तरी शिवणीबद्दल तिचं मत विचारणारं माणूस मला तोवर भेटलं नव्हतं. संग्रहालयात तर तिला सगळे सांगतातच, हे अमुक, ते तमुक, चला पुढं.

आई बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, दोरा नाही, तार आहे. एकेका तुकड्याला भोकं पाडून शेजारच्या तुकड्याला पीळ दिलाय. आधी लहान लहान चौकटी केल्या असतील आणि मग त्या एकमेकींना जोडल्या असतील, कारण एवढं मोठं धूड एका बैठकीत कुणाला पेलत नाही. आणि हे एकट्याचं काम नाही, टाका बदलतोय. तुम्ही मान हलवत राहिलात. मग सांगितलंत की तार तांब्याची आहे. अनात्सुईंच्या कामात पुष्कळ तरुण हात असतात, ते बाटल्यांची झाकणं कापतात, चपटी करतात, दुमडतात, ओवतात, अनात्सुई ते तुकडे जमिनीवर मांडून हलवत बसतात आणि मनाजोगतं झालं की जोडतात. आईचा चेहरा तेव्हा बघण्यासारखा झाला होता. ती बरोबर निघाली होती!

अनात्सुईंचा जन्म १९४४चा, घानातल्या अन्याको गावचा. घरात केंटे कापड विणलं जायचं. पुढं १९७५पासून ते नायजेरियातल्या न्सुक्काच्या विद्यापीठात शिल्पकला शिकवत होते. गावाबाहेर झुडपात त्यांना दारूच्या बाटल्यांच्या ॲल्युमिनियमच्या झाकणांनी भरलेली पिशवी सापडली आणि तिथून हे काम सुरू झालं. त्याआधी त्यांनी मोडक्या मडक्यांचं केलं होतं, बाजारातल्या लाकडी तबकांवर डागण्या देऊन केलं होतं. हातापाशी असेल ते घ्यायचं, ही त्यांची रीत. २०१५ साली त्यांना व्हेनिसच्या बिएनाले या कलाप्रदर्शनात जीवनगौरवाचा सुवर्णसिंह मिळाला. हे आईला मी रात्री घरी सांगितलं. ती म्हणाली, मिळायलाच पाहिजे.

पण हॉलमध्ये ‘दारूची झाकणं’ हे शब्द कानावर पडले तेव्हा तिनं तोंड फिरवलं होतं. आमच्या गल्लीत दारूनं मोडलेली घरं तिनं जवळून पाहिली आहेत. मला वाटलं, आता ही परत चला म्हणणार. तुम्हाला ते कळलं असावं. तुम्ही घाईनं समजूत घातली नाहीत, तिला हवं तेवढं बोलू दिलंत. मग सांगितलंत की अनात्सुईंनाही ही दारू साधी वाटत नाही. युरोपीय व्यापारी पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर आले ते दारूच्या बाटल्या घेऊनच. माणसं पकडून जहाजांनी अटलांटिकपार उसाच्या मळ्यांवर नेली, त्या उसाची साखर झाली, मळीची रम झाली आणि तीच रम पुन्हा माणसं विकत घ्यायला आफ्रिकेत आली. हा पहिला लाल पडदा म्हणजे त्या जहाजाचं शीड.

ऊस म्हटल्यावर आई खुर्चीत सरळ झाली. सोलापूर जिल्ह्यात ऊस काय असतो हे तिला कुणी सांगायला नको. दरसाल बीडकडून ऊसतोडीच्या टोळ्या येतात, फडाच्या कडेला कोप्या पडतात. तिनं विचारलं, “त्या मान्सांनी उचल घेतली हुती का?” मुकादम आगाऊ पैसे देतो आणि ते फिटेपर्यंत माणूस बांधला जातो, हे मी तुम्हाला कसंबसं समजावलं. तुम्ही म्हणालात, नाही, यांना काहीच दिलं नव्हतं, नुसतं धरून नेलं. आई काही बोलली नाही. मग ज्या इमारतीत आपण उभ्या होतो तिच्या नावाबद्दल तुम्ही आपण होऊन बोललात. हेन्री टेट यांचा पैसा साखर शुद्ध करण्याच्या धंद्यातला. ते धंद्यात उतरले तोवर ब्रिटननं गुलामगिरी बंद केली होती, पण तो धंदा उभा राहिला होता गुलामांच्याच कष्टावर. स्वतः जिथं नोकरी करता तिथलं हे तुम्ही आवाज न उतरवता सांगितलंत. याबद्दल मला तुमचा फार आदर वाटतो.

मधल्या पडद्यातल्या माणसांच्या विखुरलेल्या आकृत्या एका विशिष्ट जागेवरून पाहिल्या की त्यांची गोल पृथ्वी होते. ती जागा उभ्या माणसाच्या उंचीला सोपी, खुर्चीतल्या माणसाला जरा अवघड. तुम्ही पुढंमागं करत आईला ती सापडवून दिलीत.

आणि शेवटची ती काळी भिंत. बहुतेक लोक समोरून फोटो काढून वळत होते. आई म्हणाली, पालथी बाजू दाखवा, काम कसं झालंय ते पालथीवरच कळतं. तुम्ही हसलात आणि खुर्ची मागं नेलीत. मागं तर नुसती चांदी होती, आणि तिच्यात निळे, पिवळे, तांबडे तुकडे. आईनं हात जोडले. ते देवाला जोडतात तसे नव्हते, एका कारागिरानं दुसऱ्याला जोडावेत तसे होते. तुम्हीही उलट हात जोडलेत.

आई परत गेली, बार्शीत रुळली. शेजारच्या बायांना ती लंडनच्या पुलांबद्दल काही सांगत नाही, राणीच्या वाड्याबद्दलही नाही. आफ्रिकेतल्या पोरांनी तारेनं शिवलेल्या वाकळेबद्दल सांगते, आणि “तिथल्या पोरीनं मला इचारलं” हे वाक्य त्यात असतंच.

तिचा एक प्रश्न त्या दिवशी राहून गेला. काळी भिंत खाली जमिनीवर लाटांसारखी पसरली होती. त्या चुण्यांत धूळ बसत असणार, ती कोण झाडतं आणि कशानं? हे नक्की लिही म्हणून तिनं बजावलं आहे. उत्तर घेऊन कधी भगवंताच्या बार्शीला या. थंडीत आलात तर बरं, हुरड्याचे दिवस असतात आणि अंगावर घ्यायला आईची गोधडी आहेच.

तुमची कृतज्ञ,
एका गोधडी शिवणाऱ्या बाईची लेक