फुलीच्या मध्ये काय लिहायचं? बाईंना आभाराचं पत्र

आदरणीय बाई,

सादर नमस्कार.

मिश्रणाच्या गणितात फुली मारून (दोन मालांचे दर दोन बाजूंना, सरासरी मध्ये, तिरक्या फरकांतून दोन मालांचं प्रमाण) तिरकी वजाबाकी करायला सगळेच शिकवतात. त्या फुलीच्या मध्ये कोणता आकडा बसतो, हे तुम्ही शिकवलंत. हे पत्र मुख्यतः त्यासाठी.

६० आणि ७५ दराचे दोन माल मिसळले, मिश्रण ७७ ने विकलं, शेकडा १० नफा झाला. प्रमाण किती? ६० आणि ७५ या खरेदी किमती आणि ७७ ही विक्री किंमत, म्हणून ७७ फुलीत जातच नाही. आधी ७७ × १०० ÷ ११० = ७०. आता मध्ये ७०, ही मिश्रणाची सरासरी खरेदी किंमत. ६० चा माल सरासरीपेक्षा १० ने कमी, ७५ चा ५ ने जास्त. १० ची एक तूट भरायला ५ ची वाढ दोनदा लागते, म्हणून प्रमाण १ : २. ‘तूट आणि वाढ फिटली पाहिजे’ हे तुमचं वाक्य डोक्यात बसलं की कोणता फरक कुठल्या मालाखाली लिहायचा, हा गोंधळच राहत नाही. सरासरी ज्याच्या जवळ, तो माल जास्त.

७७ मधून थेट १० टक्के वजा करणारे ६९.३ वर पोचतात आणि उत्तर १९ : ३१ असं बोजड येतं. ६९.३ वर ७.७ म्हणजे नफा ११ टक्क्यांच्या वर गेला! शेकडा नफा खरेदीवर मोजतात, विक्रीवर नाही, एवढंच तिथे विसरलेलं असतं.

निदान इथे ७७ हा आकडा ६० आणि ७५ च्या बाहेर पडतो, त्यामुळे तो तसाच मध्ये लिहिला तर चूक दिसते. माल ६० आणि ९० चे, विक्री ८८ ने आणि नफा १० टक्के असला की फसगत होते. ८८ मध्ये लिहिलं तरी १ : १४ असं साळसूद उत्तर मिळतं. खरी सरासरी ८०, प्रमाण १ : २. पडताळा घेतल्याशिवाय ही चूक सापडत नाही.

सर्वांत जास्त आभार मात्र टक्क्यांच्या फुलीसाठी. एका मालावर ८ टक्के नफा, दुसऱ्यावर १८, एकूण १४. फुलीतून ४ : ६ म्हणजे २ : ३ येतं, आणि बरेच जण हे वजनाचं प्रमाण समजून मोकळे होतात. ते गुंतवलेल्या रकमेचं आहे. दोन्हीचा खरेदी दर एकच असेल तर वजनही २ : ३, पण दर ६० आणि ९० असतील तर दरांनी भागायचं: २/६० : ३/९०, म्हणजे १ : १. करून बघा: एकेक किलोचे मिळून १५०, नफा ४.८ + १६.२ = २१, आणि २१ म्हणजे १५० चे बरोबर १४ टक्के. इतकी साधी गोष्ट, पण तुमच्याइतकी ठासून कुणी सांगत नाही.

तोटा आला की चिन्ह सांभाळायचं, हेही तुमचंच. १० टक्के नफा, ५ टक्के तोटा, एकूण नफा ७: तोटा उणे ५ धरून फरक १२ आणि ३, प्रमाण ४ : १. ७ मधून ५ वजा करून २ काढणाऱ्याने तोट्याला नफा केलेलं असतं.

आणि ते दुधातल्या पाण्याचं गणित! पाणी घातलेलं दूध खरेदीच्याच दराने विकून २५ टक्के नफा, तर मिश्रणात पाणी किती? झटकन ‘२५ टक्के’ म्हणणाऱ्याला तुम्ही फक्त ‘कशाच्या?’ एवढंच विचारायचात. पाणी फुकटचं, म्हणून सगळा नफा पाण्याचाच: पाणी दुधाच्या २५ टक्के, म्हणजे १ : ४. मिश्रणाच्या २०.

आपले कृतज्ञ,
तुमच्या वर्गातले सगळे